साक्षीदार बोलू लागतो तेव्हा

नाटक पाहून रडणे, आणि रडून झाल्यावर बरे वाटणे, ही आपल्या मराठी मध्यमवर्गाची जुनी हौस आहे. बालगंधर्वांची सिंधू पाहून आपल्या पणजोबांच्या पिढीने हातरुमाल भिजवले आणि घरी परतताना ‘काय रडवलं हो आज!’ असे एकमेकांना सांगितले. त्या सांगण्यात तक्रार नव्हती, तृप्तीची पावती होती. दुःख पाहून आनंद व्हावा कसा, हे कोडे आपल्या टीकाकारांनाही फार काळ छळत आले आहे. न. चिं. केळकरांनी १९२१ साली बडोद्याच्या साहित्यसंमेलनात ‘सविकल्प समाधी’ची उपपत्ती मांडली. रसिक दुसऱ्याच्या भूमिकेत शिरतो, पण आपली स्वतःची भूमिका पुरती सोडत नाही, आणि या दुहेरी अवस्थेतच त्याला आनंद होतो, असा तिचा आशय. त्याआधी कित्येक शतके संस्कृत साहित्यशास्त्राने साधारणीकरणाचा सिद्धांत सांगून ठेवला होता. रंगभूमीवरचे दुःख अमक्या एकाचे राहत नाही. ते सर्वांचे होते, आणि सर्वांचे झाले की त्याची नांगी मोडते.

करुणरसाचा हा भाग मी दरवर्षी वर्गात शिकवतो आणि मुलांना तो पटतोही. परंतु त्याला जोडूनच एक प्रश्न विचारावासा वाटतो. दुःख सांगणारा नट नसेल तर? पडद्यावर दिसणारा माणूस ज्याविषयी बोलतो आहे ते खरोखरच त्याच्यावर गुदरले असेल, त्याची बायको, मूल, गाव, सारे काही नाहीसे झाले असेल, आणि आपण घरच्या खुर्चीत बसून ते पाहत असू, तर त्या वेळी आपल्या डोळ्यांत येणाऱ्या पाण्याला काय म्हणायचे?

वंशसंहारातून वाचलेल्या माणसांनी अनुबोधपटांतून दिलेल्या साक्षी हा या लेखाचा विषय आहे. दिवाळीच्या अंकात हे कशाला, असे एखाद्या गृहिणीला वाटेल आणि त्यात तिचे काही चुकणार नाही. पण ज्यांच्याविषयी लिहायचे आहे त्यांच्याही घरी सण होते, दिवे होते, गोडधोड होते. या विषयाला सोयीचा असा दिवस पंचांगात कोठेच सापडायचा नाही.

कागदांची साक्ष

‘वंशसंहार’ या अर्थाचा पाश्चात्त्य शब्द मुळात फार जुना नाही. राफाएल लेमकिन या पोलंडमधील ज्यू कायदेपंडिताने तो १९४४ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात प्रथम वापरला, आणि ९ डिसेंबर १९४८ रोजी संयुक्त राष्ट्रसंघाने त्यासंबंधीचा करार संमत केला. म्हणजे गुन्हा आधी घडला, नाव मागाहून मिळाले.

पहिल्या मोठ्या खटल्यात, १९४५-४६ च्या न्यूरेंबर्ग खटल्यात, वाचलेल्या माणसांच्या बोलण्यावर फारशी भिस्त नव्हती. अमेरिकेचे मुख्य अभियोक्ते रॉबर्ट जॅक्सन यांनी भर दिला तो नाझींच्याच कागदपत्रांवर. विचार वकिली आणि पक्का होता. माणूस अतिशयोक्ती करतो, विसरतो, उलटतपासणीत डगमगतो. पण आरोपीच्या सहीचा हुकूम डगमगत नाही. २९ नोव्हेंबर १९४५ रोजी त्या न्यायालयात छावण्यांचे चित्रण दाखविण्यात आले. त्यात प्रेतांचे ढीग होते, हाडांचे सापळे झालेली माणसे होती. जगाने ती पाहिली. त्यांचे बोलणे मात्र फारसे कोणी ऐकले नाही.

आलँ रेने या फ्रेंच दिग्दर्शकाने १९५६ साली जगापुढे ठेवलेल्या अर्ध्या तासाच्या प्रसिद्ध अनुबोधपटाचे निवेदन स्वतः छावणी भोगलेल्या जाँ केरोल या लेखकाने लिहिले होते. पण पडद्यावर एकही वाचलेला माणूस स्वतःच्या तोंडाने बोलत नाही. हा पालट झाला १९६१ साली, जेरुसलेममध्ये आइखमानवरील खटला चालला तेव्हा. तेथे शंभराहून अधिक साक्षीदार उभे राहिले, त्यांत बहुतेक जण छावण्यांतून किंवा त्या कत्तलीतून वाचलेले होते, आणि न्यायालयाचे कामकाज चित्रित करण्यात आले. साक्षीदाराला चेहरा मिळाला.

‘साक्षी’ या शब्दाची फोड पाणिनीने करून ठेवली आहे. ज्याने साक्षात, म्हणजे स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले तो साक्षी. कागद पाहत नाही. म्हणून कागद कितीही खरा असला, तरी त्याला ‘साक्षीदार’ म्हणणे ही भाषेची केवळ सवलत आहे.

न्हाव्याचे हात

या साक्षात पाहणाऱ्यांना घेऊन क्लोद लांझमान या फ्रेंच दिग्दर्शकाने जो अनुबोधपट केला तो १९८५ साली पॅरिसमध्ये प्रदर्शित झाला. त्याचे नाव ‘शोआ’. हिब्रू भाषेत या शब्दाचा अर्थ महाविनाश. लांबी जवळजवळ साडेनऊ तास, आणि त्यामागे अकरा वर्षांचे श्रम. चित्रपटात घेतले नाही असेच चित्रण दोनशे तासांहून अधिक आहे. ते आता वॉशिंग्टनच्या संग्रहालयात जतन केलेले आहे. या साडेनऊ तासांत प्रेताचे एकही जुने चित्र नाही. आजची शेते आहेत, रूळ आहेत, झाडे आहेत, आणि बोलणारी माणसे आहेत.

चित्रपटाच्या आरंभी सिमोन स्रेब्निक दिसतात. पोलंडमधील खेल्मनो येथे नाझींनी दीड लाखाहून अधिक माणसे मारली. स्रेब्निकना तेथे नेले तेव्हा ते तेरा वर्षांचे होते. गळा गोड, म्हणून पहारेकरी त्यांना नदीतून होडीने नेत आणि गाणी म्हणायला लावीत. जानेवारी १९४५ मध्ये रशियन सैन्य जवळ आले तेव्हा उरलेल्या कैद्यांना गोळ्या घालण्यात आल्या. स्रेब्निकच्याही डोक्यात गोळी लागली. पण ते जगले. लांझमानने त्यांना सत्तेचाळिसाव्या वर्षी त्याच नदीवर पुन्हा आणले.

पुढे एका प्रसंगात ते गावच्या चर्चसमोर उभे आहेत. भोवती गावकरी. सर्वांना तो गाणारा मुलगा आठवतो. भेटल्याचा आनंद आहे, हसणे आहे. बोलता बोलता गोष्ट ज्यूंच्या मरणाकडे वळते, आणि एक जण ख्रिस्ताला सुळावर देण्याची जुनी कथा काढून सुचवितो की, त्या पापाचेच हे फळ. स्रेब्निक मध्ये उभे आहेत. ते काही बोलत नाहीत. चेहऱ्यावरचे अवघडलेले स्मित तसेच राहते. ही शांतता कोणत्याही कागदात उतरली नसती. माणसे मारली गेली ती कशा हवेत, हे त्या एका न बोललेल्या क्षणात कळते.

आता दुसरा प्रसंग. तो पाहिल्यावर मात्र मनात भांडण सुरू होते. आब्राहाम बोम्बा हे पोलंडमधील चेन्स्टोखोव्हा गावचे, व्यवसायाने न्हावी. ट्रेब्लिंका येथे सुमारे नऊ लाख माणसे मारली गेली. विषारी वायूच्या कोठडीत जाण्यापूर्वी बायकांचे केस कापण्याचे काम तेथे बोम्बांना दिले होते. लांझमान त्यांना भेटला तेव्हा ते कामातून निवृत्त झाले होते. लांझमानने इस्रायलमध्ये एक केशकर्तनालय भाड्याने घेतले, खुर्चीत एक ओळखीचा गृहस्थ बसविला आणि बोम्बांच्या हाती कात्री दिली. कात्री चालते, केस फारसे कापले जात नाहीत, आणि बोम्बा बोलतात. त्यांची मातृभाषा यिडिश. साक्ष देतात ती पुढल्या आयुष्यात कमावलेल्या इंग्रजीत. आवाज सपाट, एखादा कारागीर आपल्या कामाची पद्धत सांगतो तसा. पुढे त्यांच्या एका सोबत्याची गोष्ट येते. तोही न्हावी, आणि त्याच्यासमोर एके दिवशी त्याची स्वतःची बायको आणि बहीण येऊन उभ्या राहिल्या. येथे बोम्बा थांबतात. ओठ हलतात, शब्द येत नाही. कात्री मात्र हातात आहे. आता पुरे, अशी विनवणी ते करतात. लांझमान म्हणतो की, थांबू नका, हे सांगितलेच पाहिजे. बऱ्याच वेळाने ते पुन्हा बोलू लागतात.

लांझमानला हा अधिकार कोणी दिला? जखमेची खपली काढायला लावणे ही क्रूरता नव्हे काय? हा आक्षेप पुष्कळांनी घेतला आहे आणि तो हलका नाही. उलट बाजूने म्हणता येईल की, बोम्बा साक्ष द्यायला स्वतःहून आले होते, आणि त्या सोबत्याला व त्या दोन बायकांना तेवढ्या चार वाक्यांपलीकडे जगात दुसरे थडगे नाही. दोन्ही म्हणणी मला खरी वाटतात. मात्र एक गोष्ट निश्चित. त्या प्रसंगाचे साधारणीकरण होत नाही. ते हात बोम्बांचेच राहतात. सिंधूचे दुःख कोणतीही गुणी नटी उभे करील. या दुःखाला दुसरा नट मिळायचा नाही.

पहारेकऱ्याचे हात

आता पोलंडहून कंबोडियात जाऊ या, कारण याच प्रश्नाला तेथल्या एका दिग्दर्शकाने वेगळे उत्तर दिले आहे. १७ एप्रिल १९७५ ते ७ जानेवारी १९७९ या पावणेचार वर्षांत ख्मेर रूजच्या राजवटीत त्या लहानशा देशाची पंधरा ते वीस लाख माणसे उपासमारीने, वेठबिगारीने आणि कत्तलीने मेली. कायद्याच्या काटेकोर भाषेत यातील सर्वच मृत्यू वंशसंहारात बसत नाहीत. विशेष न्यायालयाने २०१८ साली चाम मुसलमान आणि व्हिएतनामी लोकांच्या बाबतीत तो शब्द लागू केला, बाकीच्यांना मानवतेविरुद्धचे गुन्हे म्हटले. मेलेल्यांना या फरकाचे सोयरसुतक नाही.

रिती पान यांचा जन्म १९६४ चा. या राजवटीत त्यांनी आईवडील आणि भावंडे गमावली, १९७९ साली ते थायलंडमार्गे निसटले आणि पुढे फ्रान्समध्ये चित्रपटकला शिकले. राजधानी नॉम पेन्हमधील एका शाळेचा तुरुंग करण्यात आला होता. तुओल स्लेंग येथील त्या तुरुंगाचे सांकेतिक नाव एस-२१. बारा हजारांहून अधिक माणसे तेथे डांबली गेली आणि जिवंत बाहेर पडलेले बोटांवर मोजण्याइतके. पान यांचा २००३ सालचा अनुबोधपट या तुरुंगाविषयी आहे.

वाचलेल्यांपैकी एक व्हान नाथ. ते चित्रकार होते. पोल पॉटची चित्रे काढायला उपयोगी, एवढ्याच कारणाने त्यांचा जीव वाचला. सुटकेनंतर त्यांनी तुरुंगात पाहिलेलेच चित्रांतून मांडले, आणि २००९ साली तुरुंगाधिकाऱ्यावर खटला चालला तेव्हा न्यायालयात साक्षही दिली. २०११ साली ते वारले.

पान यांनी व्हान नाथांना आणि त्या तुरुंगाच्या जुन्या पहारेकऱ्यांना त्याच इमारतीत समोरासमोर आणले. नाथ आवाज चढवीत नाहीत. ते विचारतात. तुम्ही स्वतःला बळी समजता काय? पहारेकरी होय म्हणतात. आम्ही लहान होतो, हुकूम मोडला असता तर मेलो असतो. मग मेले त्यांना काय म्हणायचे, हा नाथांचा पुढचा प्रश्न. खोलीत गप्पगार.

यानंतर पान यांनी जे केले ते लांझमानच्या अगदी उलट आहे. कृतीची उजळणी त्यांनी वाचलेल्याकडून करून घेतली नाही, पहारेकऱ्याकडून घेतली. कोवळ्या वयात पहाऱ्याला लागलेला एक जण आता रिकाम्या कोठडीपाशी उभा राहतो आणि त्याचे शरीर आपोआप जुने काम करू लागते. कुलूप चाचपतो, अदृश्य कैद्यांवर ओरडतो, आत जातो, बाहेर येतो. कॅमेरा उंबऱ्याबाहेर थांबतो. आत शिरलो असतो तर कैद्यांच्या अंगावर पाय पडला असता, असे पान यांचे त्यावरचे म्हणणे आहे. न्हाव्याच्या हातांनी जे सोसले ते लांझमानने पुन्हा करायला लावले; पहारेकऱ्याच्या हातांनी जे केले ते पान यांनी पुन्हा करायला लावले. मला विचाराल तर दुसरा मार्ग अधिक न्यायाचा. परंतु तो नेहमी मोकळा नसतो. गुन्हेगार सापडावा लागतो, त्याने बोलायला तयार व्हावे लागते, आणि बहुतेक ठिकाणी यातले काहीच घडत नाही. मग ओझे पुन्हा वाचलेल्यावरच येते.

चार धुराडी

साक्षीवर आणखी एक आक्षेप घेतात तो खरेपणाचा. इतक्या वर्षांनी सांगितलेले कितपत धरायचे? या बाबतीत डोरी लाउब यांनी नोंदविलेला एक प्रसंग विचार करण्याजोगा आहे. लाउब हे स्वतः बालपणी त्या कत्तलीतून वाचलेले मानसोपचारतज्ज्ञ. १९७९ साली अमेरिकेतील न्यू हेवन गावी त्यांनी आणि लॉरेल व्ह्लॉक या दूरचित्रवाणीवरील पत्रकार बाईंनी वाचलेल्यांच्या मुलाखती चित्रित करण्यास आरंभ केला. त्यातूनच येल विद्यापीठातील संग्रह उभा राहिला. आज तेथे चार हजारांहून अधिक साक्षी आहेत.

ऑशविट्झमध्ये ७ ऑक्टोबर १९४४ रोजी प्रेते जाळण्याच्या कामावरील कैद्यांनी उठाव केला. तो पाहिलेल्या एका वृद्ध बाईने सांगितले की, चार धुराडी एकदम ज्वाळांत उडाली, आणि हे सांगताना तिचा मंद आवाज एकाएकी पेटून उठला. पुढे ही मुलाखत पाहून इतिहासकारांनी आक्षेप घेतला. धुराडे एकच उडाले होते. एवढी चूक करणाऱ्या बाईची साक्ष धरायची कशी? लाउब यांचे उत्तर असे की, ती धुराड्यांची संख्या सांगायला आलीच नव्हती. जेथे प्रतिकार अशक्य मानला जात होता, तेथे तो झाला आणि तिने तो पाहिला, ही तिची साक्ष.

याचा अर्थ आकड्यांना किंमत नाही असा नव्हे. संख्या इतिहासकाराने कागदांवरून नक्की करावी. ते त्याचे काम आहे, आणि वंशसंहार झालाच नाही असे म्हणणाऱ्यांपुढे ते फार मोलाचे आहे. पण त्या दिवशी धूर पाहणाऱ्या बाईला काय वाटले, हे कोणत्याही दप्तरात नोंदलेले नाही. कागद आणि माणूस यांनी एकमेकांचे साक्षीदार व्हावे, एकमेकांचे प्रतिस्पर्धी होऊ नये.

ऐकणाऱ्याचे काम

आता वेळ थोडा उरला आहे. १९४५ साली दहा वर्षांचे असलेले मूल आज नव्वदीच्या घरात किंवा पलीकडे आहे. १९१५ च्या आर्मेनियन संहारातून वाचलेली पिढी तर केव्हाच गेली, जे. मायकेल हागोपियन या चित्रपटकाराने त्यांतील व इतर प्रत्यक्षदर्शींपैकी सुमारे चारशे जणांच्या मुलाखती वेळेत घेऊन ठेवल्या, म्हणून तेवढे आवाज उरले. स्टीव्हन स्पीलबर्ग यांनी १९९४ साली स्थापन केलेल्या संस्थेने पाचसहा वर्षांत पन्नास हजारांवर साक्षी गोळा केल्या. हा संग्रह आता दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठात आहे, आणि त्यात रुआंडा, कंबोडिया, आर्मेनिया येथल्या साक्षींचीही भर पडली आहे. रिती पान यांनीही २००६ साली नॉम पेन्हमध्ये आपल्या देशाच्या चित्र-ध्वनींचा संग्रह लोकांना खुला केला. साठवण झाली आहे. प्रश्न आहे तो ऐकणाऱ्यांचा.

आपल्यापर्यंत या साक्षी येतात त्या बहुधा तुकड्यांनी. बोम्बांचे रडू कोसळण्याची तेवढीच चार मिनिटे मोबाइलवर कोणीतरी पाठवितो, आपण हळहळतो आणि पुढे सरकतो. तेथे साक्षीचा पुन्हा करुणरस झाला, असे मी म्हणेन. त्या चार मिनिटांआधीचा सपाट आवाज ऐकल्याखेरीज ती शांतता कळत नाही. ‘शोआ’मध्ये गावकरी बोलतो, मग दुभाषी बाई ते फ्रेंचमध्ये सांगते, मग पुढचा प्रश्न जातो, हा वेळ लांझमानने कापून टाकला नाही. प्रथम कंटाळा येतो. नंतर ध्यानात येते की, त्या अवधीत आपण बोलणाऱ्याचा चेहरा पाहत असतो. घरात मोठी मुले असतील तर असा अनुबोधपट रोज तासभर, सर्वांनी मिळून पाहावा, आणि पाहून झाल्यावर कोण माणूस, कोणत्या गावचा, काय काम करीत होता, एवढे तरी एकमेकांना आठवून सांगावे. लहान मुलांना दाखवू नये. ती मोठी होईपर्यंत चित्रपट कोठे जात नाही.

शेवटी ‘शोआ’मधीलच एका साक्षीदाराविषयी. फिलिप म्युलर यांना ऑशविट्झमध्ये वायूच्या कोठड्यांपाशी राबविले जात होते. मार्च १९४४ मध्ये त्यांच्याच देशाच्या, चेकोस्लोव्हाकियाच्या, माणसांचा जथा तेथे आणला गेला. ती माणसे आपले राष्ट्रगीत गाऊ लागली. म्युलरना जगण्यात अर्थ वाटेना. ते त्यांच्याबरोबर कोठडीत शिरले. तेव्हा काही बायका त्यांच्याजवळ आल्या आणि त्यांनी सांगितले की, तुझ्या मरण्याने आमचे प्राण परत येणार नाहीत. तू बाहेर जा, आणि आम्ही काय सोसले, आमच्यावर काय अन्याय झाला याची साक्ष दे.

हे सांगताना म्युलर यांचा बांध फुटतो. आपल्याही डोळ्यांत पाणी येते, आणि ते यावेच. परंतु त्या बायकांनी अश्रू मागितले नव्हते. त्यांनी एक काम सांगितले होते. म्युलर यांनी ते पस्तीस वर्षांनी कॅमेऱ्यासमोर बसून केले. त्यांचे बोलणे ज्याने शेवटपर्यंत ऐकले, त्याच्याकडे त्या कामाचा थोडासा भाग येतो. कोणी हे घडलेच नाही म्हणाले, किंवा एखाद्या जमातीविषयी ‘त्यांना तेच हवे होते’ असे चारचौघांत सहज बोलून गेले, तर चर्चसमोरच्या त्या घोळक्यासारखे हसत उभे न राहता, मी असे ऐकले आहे, आणि सांगणाऱ्याचे नाव अमुक होते, एवढे म्हणायचे.